फुरातचे पाणी मोजणारा लिंच

काल्हेरच्या बंदरावर नवखा तांडेल आला, की होडी लावण्याआधी विचारतो, "पाणी किती?" खाडी दिसायला ऐसपैस. समोर बाळकूम-कोलशेत, डाव्या हाताला कशेळीचा पूल, उजवीकडे घोडबंदरच्या अंगाने वसईला निघालेली उल्हास. पण रुंदीवर भुलून चालत नाही. उधाणाच्या भरतीला जिथून भरलेला पडाव सहज निघून जातो, तिथेच ओहोटीला माणूस गाळात गुडघ्याएवढा रुततो. रेती काढणाऱ्या डुब्यांना हा तळ हातापायांनी ठाऊक होता. बांबू तळात रोवायचा, त्याला धरून बादलीसकट खाली उतरायचे आणि श्वास पुरतो तोवर भरून वर यायचे. पुढे सक्शन पंप आले, तळ उपसला गेला, काठ ढासळले आणि जुन्या माणसांचे अंदाज चुकू लागले. आता वसई-ठाणे-कल्याण जलमार्गाच्या आराखड्यात काल्हेरच्या जेट्टीचे नाव आहे. राष्ट्रीय जलमार्ग ५३. बोट येईल तेव्हा येईल, तिच्याआधी पाणी मोजणारे यावे लागतात.

पाणी मोजणाऱ्या अशाच एका माणसाची ही हकीकत. त्याचे नाव हेन्री ब्लॉस लिंच. जन्म आयर्लंडचा, उमेदवारी मुंबईच्या आरमारातली, आणि नाव कमावले ते इराकच्या दोन नद्यांवर. त्याला मी ओढूनताणून काल्हेरला आणणार नाही. पण ज्या आरमारात तो वाढला, त्या आरमाराचा आणि आपल्या खाडीचा जुना हिशेब आहे, तो आधी सांगायला हवा.

१६५७ मध्ये कल्याण-भिवंडी शिवाजी महाराजांच्या ताब्यात आली आणि याच खाडीत मराठी आरमाराची पहिली जहाजे बांधायला घेतली गेली. रुई लैतांव व्हिएगस हा पोर्तुगीज कारागीर आपली माणसे घेऊन त्या कामावर होता. पोर्तुगीजांनी फितवल्यावर तो निघून गेला, पण काम थांबले नाही. त्या आरमाराला आंग्र्यांनी कळसाला नेले. मग १७५५ मध्ये कमोडोर जेम्सच्या जहाजांनी सुवर्णदुर्ग घेतला, १७५६ मध्ये विजयदुर्गाच्या खाडीत तुळाजी आंग्र्यांची जहाजे जळाली, आणि या दोन्ही वेळी पेशव्यांची फौज इंग्रजांच्या बाजूने उभी होती. मला ही गोष्ट लिहिताना आजही त्रास होतो. आपल्याच आरमाराला आपणच बुडवायला मदत केली, आणि पश्चिम किनारा ज्यांच्या हाती गेला त्या कंपनीच्या दलाचे नाव होते बॉम्बे मरीन. लिंच त्याच दलात भरती झाला.

मेयो हा आयर्लंडच्या पश्चिम टोकाचा परगणा. तिथल्या बॅलिनरोबजवळच्या पार्ट्री हाऊसमध्ये, जमीनदार पण लेकुरवाळ्या घरात, १८०७ मध्ये लिंच जन्मला. भाऊ पुष्कळ, जमीन तेवढीच. अशा घरातली मुले कंपनीच्या नोकरीला पूर्वेकडे निघत. १८०१ पासून आयर्लंडची स्वतःची संसदही उरली नव्हती. स्वतःचा देश दुसऱ्याच्या हाती गेलेली ही मुले तिसऱ्याच देशांवर राज्य करायला मदत करत होती. लिंच १८२३ मध्ये, पंधराव्या वर्षी, मिडशिपमन म्हणून मुंबईच्या दलात दाखल झाला.

त्याला आधी काम मिळाले ते इराणच्या आखाताच्या मोजणीचे. १८२० च्या सुमारास कंपनीने आखातातल्या अरब शेखांशी सागरी तह केला आणि लगोलग त्या किनाऱ्याचे नकाशे करायला घेतले. आखातातली मोजणी म्हणजे उन्हाने तापलेल्या लहान होड्यांत बसून दिवसभर एकच गोष्ट करायची. दोरीला शिशाचे वजन बांधायचे, ते पाण्यात सोडायचे, तळाला टेकले की दोरी ओढून वाव मोजायचे. वाव म्हणजे दोन्ही हात पसरल्यावर एका हाताच्या बोटापासून दुसऱ्या हाताच्या बोटापर्यंतचे अंतर. हे माप आपल्या कोळ्यांचेही आहे आणि इंग्रज खलाशांचेही. शिशाच्या बुडाला चरबी फासलेली असे. तिला चिकटून वर येणारी रेती, चिखल किंवा शिंपल्याचा चुरा पाहून नांगर धरेल की नाही ते ठरायचे. आकडा लिहायचा, होडी थोडी पुढे न्यायची, पुन्हा शिसे सोडायचे. अशी वर्षे गेली.

बरोबरीचे अधिकारी या कामाला कंटाळत. लिंचने त्यातून भाषा उचलल्या. आधी हिंदुस्थानीची परीक्षा दिली, मग फारसी आणि अरबी. १८२९ मध्ये लेफ्टनंट झाला तेव्हा आखाती ताफ्याच्या कमोडोरने त्याला दुभाषा म्हणून घेतले. त्याच सुमारास, १८३१ मध्ये, मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश मुंबईत छापून निघाला. राज्य करायचे तर शब्द हवेत, हे कंपनीला पुरते उमगले होते. पण शब्द हातात आल्यावर माणूस त्यांचे काय करतो, ते ज्याचे त्याच्यावर असते. लिंच शेखांच्या तंबूत बसून त्यांचे म्हणणे त्यांच्याच बोलीत ऐकून घेई, आणि तोफा असलेल्या आरमारात हे कौशल्य तोफांपेक्षा दुर्मीळ होते.

रजेवर घरी निघाला तो तांबड्या समुद्रात कंपनीच्या नॉटिलस या जहाजावर. ते जहाज फुटले. लिंच किनाऱ्याला लागला आणि न्युबियाचे वाळवंट ओलांडून नाईल नदीपर्यंत गेला, तिथून तिच्या प्रवाहाबरोबर इजिप्तला उतरला. मुंबईचा माणूस विलायतेला जायचा तर आफ्रिकेला वळसा घालून चार-सहा महिने समुद्रात काढायचा. हा मात्र नकळत त्या रस्त्याने गेला, ज्याच्या शोधात तेव्हा सगळे होते.

टपालाचा रस्ता हा त्या काळचा सगळ्यात मोठा प्रश्न होता. मुंबईत पाठवलेल्या पत्राचे उत्तर लंडनहून यायला जवळपास वर्ष लागे. मुंबईच्या गोदीत बांधलेली ह्यू लिंडसे ही आगबोट २० मार्च १८३० ला कमांडर जॉन विल्सनने मुंबईहून सोडली आणि २२ एप्रिलला ती सुएझला पोहोचली. कोळशासाठी वाटेत थांबत गेली, जागा मिळेल तिथे कोळसा भरला, तरी पोहोचली. पण तिच्याने एक गोष्ट होत नव्हती. नैऋत्य मोसमी वारा सुटला की त्या काळची अशक्त इंजिने अरबी समुद्र कापू शकत नसत. आपल्याकडे होड्या नारळी पौर्णिमेपर्यंत किनाऱ्याला ओढून ठेवतात, तशीच आगबोटही अडकायची. पावसाळ्यातले ते महिने टपाल कुठून न्यायचे? नकाशाकडे पाहिले की उत्तर समोर दिसे. आखात पावसाळ्यातही त्यामानाने शांत. आखाताच्या टोकाला बसरा. बसऱ्यापासून फुरात, म्हणजे युफ्रेटिस नदी, वर वर जात भूमध्य समुद्राच्या शंभर-सव्वाशे मैलांवर येते. नदीतून आगबोट चालवता आली तर काम झाले.

मग तोच आपला प्रश्न. पाणी किती?

त्याचे पहिले उत्तर आणले फ्रान्सिस रॉडन चेस्नीने. हाही आयरिश, काउंटी डाउनचा, तोफखान्याचा अधिकारी. १८३१ च्या सुरुवातीला तो फुगवलेल्या कातड्यांच्या तराफ्यावर बसून फुरातमधून खाली उतरला. उघडपणे मोजमाप करायची सोय नव्हती, काठावरचे लोक संशय घेत. म्हणून त्याने तराफ्याच्या तळाला भोक ठेवून त्यातून दहा फुटी काठी खाली सोडली होती. ती तळाला लागली की गुपचूप वहीत टिपायचे. ही दहा फुटी काठी लंडनच्या संसदेत पोहोचली असे म्हणायला हरकत नाही. १८३४ मध्ये संसदीय समितीने आगबोटीच्या मार्गाचा विचार केला, संसदेने २० हजार पौंड मंजूर केले, कंपनीने आणखी पाच हजार घातले. मोहिमेचा प्रमुख चेस्नी. त्याच्या हाताखाली दुसऱ्या क्रमांकावर लिंच, कारण अरबी, फारसी आणि आखात ही तिन्ही एकाच माणसाच्या अंगी होती.

बर्कनहेडच्या लेयर्डने दोन लोखंडी आगबोटी तयार केल्या. मोठीचे नाव युफ्रेटिस, लहानीचे टायग्रिस. त्या तुकड्यातुकड्यांनी जॉर्ज कॅनिंग जहाजात भरून १८३५ च्या एप्रिलमध्ये सिरियाच्या किनाऱ्यावर, ओरोंटीस नदीच्या मुखाशी उतरवल्या. आता हे सगळे लोखंड डोंगर ओलांडून बीर गावाजवळ फुरातच्या काठी न्यायचे. बॉयलरचे एकेक धूड कित्येक टनांचे. रस्ता नाही, तो करायचा. चढाला बैलांच्या रांगा आणि माणसांचे दोर, उताराला तेच धूड मागून धरून ठेवायचे. सिरिया तेव्हा इजिप्तच्या मुहम्मद अलीच्या ताब्यात होता आणि त्याचा मुलगा इब्राहिम पाशा पावलोपावली अडवत होता. तापाने माणसे मेली. वर्ष लागले. १६ मार्च १८३६ ला दोन्ही बोटींनी धूर सोडला आणि त्या प्रवाहाला लागल्या.

त्यांच्यावर जेम्स फिट्झजेम्स नावाचा एक तरुणही होता. नऊ वर्षांनी तो फ्रँकलिनच्या शोधमोहिमेबरोबर उत्तर ध्रुवाकडे गेला आणि बर्फात नाहीसा झाला. एका पिढीची माणसे वाळवंटातल्या नदीपासून गोठलेल्या समुद्रापर्यंत कुठकुठे विखुरली, ते या एका नावातून दिसते.

दोन महिने उतार चांगला गेला. पुढे टायग्रिस जाई, तिच्यावर लिंच कप्तान. ती उथळ पाण्यातून वाट शोधायची, मागून मोठी युफ्रेटिस. चेस्नीही टायग्रिसवरच होता. लिंचचा भाऊ रॉबर्ट, बंगालच्या २६व्या देशी पलटणीतला लेफ्टनंट, तोही तिच्यावर होता.

२१ मे १८३६. दुपार. पश्चिमेकडून वाळवंटावर धुळीचा काळा लोट उठला. नदीवर अंधार पडला. दोन्ही बोटींनी काठ गाठायची धडपड केली. युफ्रेटिस काठाला लागली, माणसांनी उड्या टाकून दोर बांधले आणि ती टिकली. टायग्रिस काठाला आपटली, पण दोर लागण्याआधीच वाऱ्याने तिला मागे फेकले. इंजिन पूर्ण जोरात, तरी तोंड वाऱ्याला फिरेना. केबिनच्या उघड्या खिडक्यांतून लाटा आत येऊ लागल्या. लिंचने चेस्नीला जाऊन सांगितले, बोट बुडते आहे. ज्याने त्याने आपला जीव वाचवावा, असा हुकूम झाला. काही मिनिटांत ती नदीच्या मध्यात गेली. लाटेने चेस्नीला काठावर टाकले. लिंच वाचला. त्याचा भाऊ वाचला नाही. त्या दिवशी २० माणसे गेली.

अर्ध्या तासाच्या आत वादळ ओसरले आणि ऊन पडले. नदी नेहमीसारखी वाहू लागली.

मी या जागी दर वेळी थांबतो. दोन माणसे एका घरातून निघाली, एक बंगालमध्ये, एक मुंबईत, आणि भेटली ती एका परक्या नदीवर. ज्या बोटीचा तो कप्तान होता, तिनेच भाऊ बुडवला. आपल्या किनाऱ्यावरच्या कुठल्याही कोळीवाड्यात हे दुःख ओळखीचे आहे. आणि तिथे जसे होते तसेच झाले. तो पुन्हा पाण्यावर गेला.

युफ्रेटिस बोट १९ जून १८३६ ला बसऱ्याला पोहोचली. चेस्नी मायदेशी परतल्यावर कंपनीने १८३७ मध्ये ती बोट आणि काम दोन्ही लिंचकडे दिली. बगदादमध्ये कंपनीचा रेसिडेंट होता कर्नल रॉबर्ट टेलर. त्याच्या मुलीशी लिंचने लग्न केले आणि बगदादच त्याचे घर झाले. पुढची दोन-तीन वर्षे तो तैग्रिस नदीच्या मागे लागला. आर्मेनियाच्या बाजूने उतरत मोसुलवरून बगदादच्या खाली प्राचीन टेसिफोनपर्यंत त्याने ती मोजली. तैग्रिसला तिथले लोक दिजला म्हणतात. तिचे वेड असे, की दर पुरात ती पात्र बदलते. काल जिथे दोन वाव पाणी होते, तिथे आज वाळूचा दांडा वर आलेला असतो. नकाशा केला म्हणजे काम संपले असे या नदीवर होत नाही. उल्हासच्या काठच्या माणसाला हे वेगळे सांगायला नको.

१८३९ मध्ये निमरॉड, निटोक्रिस आणि असिरिया या आणखी तीन लोखंडी आगबोटी आफ्रिकेच्या वळशाने तुकड्यांत बसऱ्याला आल्या आणि तिथे जोडल्या गेल्या. चार बोटींचा हा ताफा लिंचच्या हाताखाली. १८४१ मध्ये त्यातल्या दोन फुरातमधून प्रवाहाविरुद्ध थेट सिरियातल्या बेलिसपर्यंत गेल्या. आगबोट जाऊ शकते, हे सिद्ध झाले. पण टपाल काही त्या रस्त्याने गेले नाही. आगबोटींची इंजिने दरम्यान दांडगी झाली, पावसाळ्यातही मुंबईहून एडनमार्गे सुएझ गाठता येऊ लागले, आणि तिथून उंटांवरून भूमध्य समुद्र जवळ होता. १८४२ मध्ये ताफा परत बोलावला. निटोक्रिस तेवढी बगदादला राहिली. पुढे सुएझचा कालवा झाला, आणि गंमत पाहा, तो होऊ शकतो असा अहवाल १८३० मध्ये देणारा माणूस फुरातवाला चेस्नीच होता.

ताफा परत गेल्यावर लिंचला सिंधूच्या मुखाशी पाठवले. सिंधवर चालून गेलेल्या नेपियरच्या फौजेची रसद आणि दळणवळण त्याच्या बोटींवर चालले. सिंध कसे गिळले गेले ते आपल्याला माहीत आहे, आणि त्या कामातला त्याचा वाटा झाकून ठेवायचे मला कारण दिसत नाही.

१८४३ ते १८५१ तो मुंबईत होता, आरमाराच्या सुपरिंटेंडेंटचा मदतनीस. १८३० पासून बॉम्बे मरीनचे नाव इंडियन नेव्ही झाले होते. गोदी वाडियांची. लवजी नसरवानजी वाडिया १७३६ मध्ये सुरतेहून आले तेव्हापासून त्या घराण्याने बांधलेली सागवानी जहाजे जगभर फिरत होती. १८१७ चे ट्रिंकोमाली इंग्लंडमध्ये हार्टलपूलला आजही पाण्यावर आहे. लिंच आला तेव्हा गोदीच्या वाफेच्या कारखान्याचे मुख्य इंजिनिअर होते अर्देशीर करसेटजी वाडिया, लिंचपेक्षा वर्षाने लहान. १८४१ मध्ये ते रॉयल सोसायटीचे पहिले भारतीय फेलो झाले होते. एकाने आगबोटीचे इंजिन आत्मसात केले होते, दुसऱ्याने तिच्याखालची नदी. जहाजांवरचे खलाशी मात्र कोकणचे आणि काठेवाडचे, आणि त्यांची नावे या इतिहासात कुणी ठेवली नाहीत.

मुंबईत लिंच बॉम्बे जिओग्राफिकल सोसायटीच्या कामात रमला. देशी भाषांच्या परीक्षा घेणाऱ्या मंडळावरही तो होता. एके काळी स्वतः हिंदुस्थानीची परीक्षा दिलेला मुलगा आता नव्या मुलांची परीक्षा घेत होता. याच वर्षांत त्याच्या मेयोवर बटाट्याच्या रोगाने दुष्काळ आणला. १८४१ मध्ये तिथे जवळपास ३ लाख ८९ हजार माणसे होती, १८५१ च्या शिरगणतीत पावणेतीन लाख उरली. बाकीची मेली किंवा जहाजात बसून अमेरिकेला गेली. त्याच दशकात आयर्लंडचे धान्य बंदरांतून बाहेर जात होते. दुष्काळात गाड्या भरून धान्य निघून जाताना पुढे आपल्या दख्खननेही पाहिले.

दुसऱ्या ब्रह्मी युद्धात त्याने इरावतीवर आरमाराची तुकडी चालवली, सन्मानचिन्ह मिळवले आणि १८५६ मध्ये निवृत्त होऊन पॅरिसला घर केले. आता त्याने विश्रांती घ्यावी, तर इराणशी युद्ध जुंपले. मुंबईहून फौज आखातात गेली. पॅरिसमध्ये तहाची बोलणी सुरू झाली तेव्हा इराणच्या वकिलाशी बोलायला इंग्रज राजदूताने लिंचलाच बसवले. ४ मार्च १८५७ ला तह झाला. बावीस दिवसांनी, २६ मार्चला, कारून नदी शत्त-अल-अरबला, म्हणजे फुरात-तैग्रिसच्या एकत्र पात्राला, मिळते तिथे मोहम्मरावर इंग्रज जहाजांनी तोफा डागल्या आणि मुंबई इलाख्याचे शिपाई काठावर उतरले. तहाची बातमी पोहोचली ती एप्रिलच्या सुरुवातीला. माणसे मेली होती. पॅरिस ते बसरा ही बातमी लवकर पोहोचावी म्हणून ज्याने तारुण्य आणि भाऊ घालवला, त्याच्याच हातचा तह त्याच पाण्यावर उशिरा पोहोचला.

१८६३ मध्ये इंडियन नेव्ही मोडीत काढली गेली. १४ एप्रिल १८७३ ला लिंच पॅरिसमध्ये वारला. त्याच वर्षी जिओग्राफिकल सोसायटी मुंबईच्या एशियाटिक सोसायटीत विलीन झाली.

नदी मात्र लिंचांच्या घरात राहिली. थॉमस आणि स्टीफन या त्याच्या भावांनी बगदादला पेढी घातली होती, १८६१ पासून त्यांच्या कंपनीच्या आगबोटी बसरा-बगदाद धावू लागल्या आणि पहिल्या महायुद्धापर्यंत धावत राहिल्या. मग त्याच पाण्यावर आपली माणसे गेली.

१९१५ च्या डिसेंबरात तैग्रिसच्या वळणावर कूत गावी सहावी पुणे डिव्हिजन तुर्कांच्या वेढ्यात सापडली. तिच्यात १०३वी आणि ११०वी मराठा लाइट इन्फंट्री होती, ११७वी मराठा पलटण होती. सातारा, रत्नागिरी, कोल्हापूरकडची पोरे. जवळपास पाच महिने वेढा चालला. धान्य संपत आले, घोडे कापून खायची वेळ आली. सुटकेच्या फौजा पूर आणि चिखलात अडकल्या. शेवटचा उपाय म्हणून एक आगबोट भरली. ज्युलनार, लिंच कंपनीची. तिच्यावर २७० टन रसद. कप्तान फर्मन आरमाराचा, पण वाट दाखवायला होता चार्ल्स काउली, लिंच कंपनीच्या बोटींवर वाढलेला, नदीचे प्रत्येक वळण माहीत असलेला माणूस. २४ एप्रिल १९१६ च्या रात्री ती निघाली. दोन्ही काठांवरून गोळीबार होत होता. कूत काही मैलांवर राहिले असताना मगासिस इथे नदीवर आडवा ताणलेला तारेचा दोर तिला लागला आणि ती काठाकडे ढकलली जाऊन वाळूत रुतली. फर्मन तिथेच पडला. काउली पकडला गेला आणि मारला गेला.

कूतमध्ये आपली माणसे अंधारात नदीकडे कान लावून बसली होती. गोळीबार जवळ येत गेला, मग एकदम थांबला. पाच दिवसांनी, २९ एप्रिलला, त्यांनी हत्यारे खाली ठेवली.